मीटरला नाव ठेवायचं नाही

एकोणीसशे पंच्याण्णव साल. शिद्राम तेव्हा एकसष्ट वर्षांचा होता. हे माझं गणित. त्याला विचारलं तर तो साठ सांगायचा, आणि त्याची बायको पारूवैनी आतून ओरडायची, "पासष्ट!" रेशनकार्डावर अठ्ठावन्न होतं. ग्राहक मंचाच्या कागदावर वय लिहायची वेळ आली तेव्हा मी एकसष्ट लिहिलं, कारण कागद मी लिहीत होतो.

मी चौथी शिकलो. त्याचं मला कधी काही वाटलं नाही. पलूसच्या अलीकडं आमचं गाव. तिथं माझं सायकलचं दुकान आणि समोर, रस्ता ओलांडला की, शिद्रामची पिठाची गिरणी. तीस वर्षं आम्ही एकमेकांची तोंडं बघत धंदा केला. त्यातले आठ महिने न बोलता. ते पुढं सांगतो.

शिद्राम मूळचा जतकडचा. बाप मेंढरं राखायचा. एका कोरड्या सालात हा इकडं आला तो गिरणीवर हमाल म्हणून, आणि पुढं मालकानं गिरणी विकली ती यानंच घेतली. मराठी आमच्यासारखीच बोलायचा, पण यंत्राशी कानडी. पट्टा घसरायला लागला की त्याच्याकडं बोट करून म्हणायचा, "ए, सुम्न कुंद्रु!" म्हणजे गप बस. आणि खोटं सांगत नाही, पट्टा बसायचा. मी एकदा तेच माझ्या पंक्चरच्या ट्यूबला म्हणून बघितलं. ट्यूबला कानडी येत नव्हती.

आम्ही त्याला पांढराच ओळखायचो. भुवया पांढऱ्या, कानातले केस पांढरे, छातीवर पिठाचा थर. सणाला आंघोळ करून, पटका बांधून बाहेर पडला की गल्लीतली कुत्री त्याच्या अंगावर धावायची. रोज त्याच्या हातची भाकरी खाणारी कुत्री! तो त्यांना हाड म्हणायचा नाही. "पिठाला वळखत्यात ती. मला कुटं बघितलंय त्यांनी?" एवढंच म्हणायचा.

गावातल्या कुणाच्या घरात काय चाललंय हे त्याला दळणावरून कळायचं. डब्यात नाचणी आली की घरात बाळंतीण, गव्हाचा डबा एकदम दुप्पट झाला की पाव्हणे, आणि रोज गहू आणणाऱ्या घरातून नुसती ज्वारी यायला लागली की समजून घ्यायचं. पण बोलायचा नाही. मी कितीदा खोदून विचारलं, "पाटलाच्यात पाव्हणं आल्यात व्हय रं?" तर म्हणायचा, "दळान आलंय. दळून दिलंय." बास.

गिरणीत त्याचा एक कायदा होता. हत्याराला नाव ठेवायचं नाही. एखादी बाई म्हणाली, "अण्णा, तुमची गिरण आज लय जाड दळाय लागलीया," तर हा पट्टा उतरवायचा, गिरणी बंद करायचा आणि म्हणायचा, "गिरण न्हाई, म्या जाड दळलंय. शिवी मला द्या. ती बिचारी फिरतीया तितं." बाई बिचारी गोंधळून जायची. रांगेतल्या बाकीच्या बाया वैतागायच्या, कारण चालू गिरणी बंद झालेली.

या कायद्यापायीच आमचं आठ महिने वाकडं होतं. त्याच्याकडं सकाळी आधी ज्वारी, मग गहू, आणि बाजरी सगळ्यात शेवटी. माझ्या थोरलीला बघायला पाव्हणे येणार म्हणून मी घाईनं गहू घेऊन गेलो, तोवर बाजरी होऊन गेली होती. "उद्या आण," तो म्हणाला. मी ऐकलं नाही. मी कुणाचं ऐकत नाही. दगडातली बाजरी गव्हात उतरली, पोळ्या काळ्या झाल्या. पाव्हणे तोंडावर काही बोलले नाहीत, पण मी दुसऱ्या दिवशी भर रांगेत म्हणालो, "तुजी गिरणच मेली खोटी हाय." म्हणजे चूक माझी होती, पण बोलून गेलो. शिद्रामनं गिरणी बंद केली. "मला काय बी म्हण. तिला का?" मी म्हणालो, "तिलाच." झालं. आठ महिने निरोप. तो गिरणीतून ओरडायचा, "त्या सायकलवाल्याला सांगा, त्याची शेळी माज्या दारात हाय." मी इकडून ओरडायचो, "त्या गिरणवाल्याला सांगा, शेळीला वाचता येत न्हाई." सांगणारा मधे कुणी नसायचाच.

आठव्या महिन्यात त्याच्या सायकलची चेन तुटली. चेन हातात लोंबकळत घेऊन तो माझ्यापुढं उभा. मी न बघताच म्हणालो, "चेन भंगार हाय." तर म्हणतो, "चेनला काय म्हनू नगंस. म्याच तेल दिलं न्हाई." मला हसू फुटलं. त्यालाही फुटलं. मिटलं तिथंच.

आता खंडेनवमीचं सांगतो. त्या दिवशी सगळेच आपापली हत्यारं पुजतात. मी पाना, पंप, हवेची टाकी पुजतो. शिद्रामची पूजा दुपारपर्यंत चालायची. दगड, मोटर, पट्टा, दगडाला टाके घालायची छिन्नी, सगळ्यांना हळदकुंकू आणि झेंडूची माळ. आणि शेवटी मीटर. तो भिंतीवर उंच होता, म्हणून डब्यावर चढून पाच बोटं ओल्या कुंकवात बुडवून वरून खाली ओढायचा. म्हणायचा, "दगूड पोट भरतो, पन दगडाचं पोट कोन भरतं? ह्यो." मीटरचं लाल कुंकू मग वर्षभर तसंच असायचं. त्यावर पीठ बसायचं, पिठावर कोळिष्टकं. पुसायचं ते पुढच्या खंडेनवमीलाच.

त्या वर्षी दिवाळी झाली आणि लाईट ऑफिसचं बिल आलं. आकडा इतका लांब होता की चौकटीच्या बाहेर सांडला होता. शिद्रामला इंग्रजी आकडे वाचता येत नव्हते, तो बिल घेऊन माझ्याकडं आला. मी वाचलं आणि खाली बसलो.

"शिद्राम, ह्ये साखर कारखान्याचं बिल हाय."

"नाव कुनाचं हाय?"

"तुजंच."

तो गेला, दगड उचकटून बघून आला. "एवढं दळलं असतं तर दगडाला चार डाव टाके घालाय लागलं असतं. दगूड अजून धारंवर हाय. पुऱ्या तालुक्याचं धान्य दळलं तरी एवढं व्हत न्हाई."

मी गिरणीत जाऊन मीटर बघितला. पाच आकडे. पहिला आठ. बिलावर पण पहिला आठच. मी म्हणालो, "मीटर पळालाय. आठ दावतोय."

"चष्मा घालून बघ."

"चष्मा म्हाताऱ्यांनी घालायचा."

"मग तुज्या डोळ्यावर माजा भरवसा न्हाई. मीटर पळत न्हाई. त्यो रीडर उंबऱ्याच्या आत येत न्हाई, ह्ये खरं कारान हाय."

हे मात्र खरं होतं. रीडर माने दर खेपेला यायचे, नाकावर रुमाल धरायचे, उंबऱ्याबाहेर उभे राहून मान लांब करायचे, वहीत काहीतरी लिहायचे आणि जायचे. शिद्राम दर वेळी म्हणायचा, "सायेब, आत या की." ते हात हलवायचे. शिद्रामला तो अपमान वाटायचा.

आम्ही लाईट ऑफिसात गेलो. साहेब वाईट नव्हते. म्हणाले, "मीटर फॉल्टी आहे असा अर्ज द्या. फी भरा. काढून तपासणीला पाठवतो."

शिद्राम म्हणाला, "धडधाकट मानसाला दवाखान्यात कशाला घालू?"

"मग बिल भरा."

"मीटर बी बरा हाय आनि बिल बी भरनार न्हाई."

साहेब माझ्याकडं बघायला लागले. मी छताकडं. पंधरा दिवसांत नोटीस आली: बिल भरा, नाहीतर लाईन तोडू. लाईन तोडली की गिरणी संपली, आणि गिरणी संपली तर शिद्रामला दुसरं काहीच येत नव्हतं. मेंढरं त्यानं चाळीस वर्षांमागं सोडली होती. पारूवैनी त्या दिवशी पहिल्यांदा मला म्हणाली, "भावजी, कायतरी करा. ह्यो मानूस जेवत न्हाई." गिरणीत मात्र तो तसाच, भुवया पांढऱ्या करून उभा.

शाळेतल्या गुरुजींनी सुचवलं की सांगलीला ग्राहक मंच आहे, तिथं वकील लागत नाही, साध्या कागदावर तक्रार चालते. गुरुजींनीच लिहायला घेतली. "सदर मीटर सदोष असून..." एवढं वाचून दाखवलं आणि शिद्रामनं त्यांच्या हातातलं पेन धरलं.

"ह्ये खोडा."

"अहो अण्णा, हाच तर मुद्दा आहे!"

"न्हाई. म्या त्याला हळदकुंकू लावलंय. त्याच्यावर कोर्टात खोटं लिवनार न्हाई."

गुरुजी पदवीधर माणूस. रागावून चप्पल न घालताच निघाले, मग चपलेसाठी परत आले आणि पुन्हा गेले. शेवटी कागद मी लिहिला. चौथी पास माणसानं. शब्द न् शब्द असा: "मीटरबद्दल माझी तक्रार नाही. मीटर चांगला आहे. लाईट ऑफिसचा माणूस उंबऱ्याच्या आत येऊन बघत नाही ही तक्रार आहे. तरी लाईन तोडू नये." खाली शिद्रामचा अंगठा. गुरुजी गावभर सांगत होते की ही तक्रार पहिल्या मिनिटाला उडणार. लोक मलाही हसले. हसू देत.

तारखेला आम्ही सांगलीला गेलो. विश्रामबागेत उतरून चालत. शिद्राम आंघोळ करून, पटका बांधून. वाटेत कुत्री भुंकलीच, सांगलीची असून. मंचाच्या व्हरांड्यात माने रीडर बसले होते. गिरणीच्या दारात दिसायचे त्याहून म्हातारे दिसत होते. छातीत शिट्टी वाजत होती. शिद्राम त्यांच्या शेजारीच जाऊन बसला.

माने म्हणाले, "अण्णा, तुमच्या तक्रारीवर मला मेमो आलाय. नोकरीची तीन वर्षं राहिलीत. चूक माझ्या एकट्याची ठरली तर घरी बसवतील."

"मग आत का येत न्हवता?"

"दमा आहे हो. पिठात पाय टाकला की तीन रात्री बसून काढाव्या लागतात."

शिद्राम त्यांच्याकडं वळला. मग म्हणाला, "आवं, मग सांगायचं न्हाई व्हय? म्या समजत हुतो तुमी मला घान समजतायसा."

"ऑफिसात दमा सांगितला तर रीडरचं काम काढून घेतील."

तेवढ्यात पुकारा झाला.

आत तीन जण. मधे अध्यक्ष, रिटायर झालेले न्यायाधीश. एका बाजूला एक बाई, मिरजेच्या. दुसऱ्या बाजूचे गृहस्थ कागदच बघत होते. लाईट ऑफिसचा वकील उंच, आवाज देवळातल्या घंटेसारखा. तो म्हणाला, हा खटला ऐकायचा मंचाला अधिकारच नाही. एक तर गिरणी हा धंदा आहे, धंदेवाला हा ग्राहक नव्हे. आणि दुसरं, मीटर बरोबर की चूक हा वाद विद्युत निरीक्षकाकडं जातो, इथं नाही. तक्रार फेटाळा.

अध्यक्षांनी शिद्रामला विचारलं, "गिरणीवर नोकर किती?"

"म्या."

"आणखी?"

"जेवाय गेलो की गिरण बंद असती. आजारी पडलो की बी बंद."

अध्यक्षांनी मान हलवली. "पोटासाठी स्वतः राबणारा ग्राहकच असतो. दुसरा मुद्दा. तुमची तक्रार मीटरबद्दल आहे का?"

शिद्राम उठून उभा राहिला. आधीच उभा होता, पण आणखी उभा राहिला. "मीटरबद्दल कोन बोललं? कोन बोललं त्याला म्होरं आना. वर्सातनं एकदा हळदकुंकू लावतो म्या त्याला!"

वकील उसळलाच. "पाहा साहेब! तक्रारदार स्वतः म्हणतात मीटर बरोबर आहे! मीटर बरोबर म्हणजे बिल बरोबर! मग वाद उरतोच कुठं? आणि वाद असेल तर तो मीटरचा, आणि मीटरचा असेल तर..."

"सुम्न कुंद्रु!" शिद्राम म्हणाला.

वकील खरंच बसला. त्याला अर्थ कळला नव्हता, आवाज कळला होता. मिरजेच्या बाईंना कानडी येत असावी, त्यांनी पदर तोंडाला लावला.

शिद्राम शांतपणे पुढं म्हणाला, "सायेब, मीटर बरोबर हाय. पन बिल काय मीटरनं लिवलंय? मीटरला हात हायती का? बिल मानसानं लिवलंय, उंबऱ्याच्या भाईरनं. माजं भांडान मीटरसंगं न्हाई. उंबऱ्यासंगं हाय."

बाई अध्यक्षांच्या कानाशी काहीतरी बोलल्या. अध्यक्षांनी माझा कागद हातात घेतला, माझा, आणि तो मोठ्यानं वाचला. "मीटरबद्दल माझी तक्रार नाही." मग म्हणाले, "हा कागद कुणी लिहिला?" मी हात वर केला. "वकिलांना सुचलं नसतं," ते म्हणाले. हे मी मरेपर्यंत सांगणार आहे.

त्यांनी तिथंच लिहून घेतलं: मीटरच्या खरेखोटेपणाचा वादच नाही, मीटर वाचायच्या कामात कसूर झाली की नाही एवढाच प्रश्न आहे, म्हणून हे ऐकायचा अधिकार मंचाला आहे. निकाल लागेपर्यंत लाईन तोडायची नाही. आणि उद्या सकाळी अकरा वाजता ऑफिसच्या साहेबांनी रीडरला घेऊन जाऊन दोन्ही बाजूंसमोर मीटर वाचायचा.

गावात पोचलो तेव्हा दिवस मावळत होता. गुरुजी एस. टी. स्टँडवरच होते, पेढा घेऊन, पण दुसऱ्याच कुणाला तरी द्यायचा म्हणून उभे असल्यासारखे. शिद्राम मला म्हणाला, "चल, आदी त्याला सांगू." त्याला म्हणजे मीटरला.

गिरणीत बल्ब लावला. शिद्राम डब्यावर चढला. एका हातात नवं कुंकू, एका हातात ओलं फडकं. "उद्या चार लोक बघनार. जुनं पुसून नवं लावतो," म्हणाला आणि काचेवरून फडकं फिरवलं. पीठ गेलं, कोळिष्टकं गेली, कुंकवाचे वाळलेले ओघळ गेले. तो वाचत नव्हताच, पण चित्र बदललं हे त्याला कळलं.

"म्हादू, ह्यो पयला कसा दिसतोय रं? अर्धा गळून पडल्यागत?"

मी गुपचूप खिशातून चष्मा काढला आणि घातला. होता खिशात. पहिला आकडा तीन होता. नीट, स्वच्छ तीन. डाव्या अंगाला कुंकवाचे दोन ओघळ येऊन वाळले होते, त्यांनी तिनाचा आठ केला होता.

शिद्राम डब्यावरून उतरला आणि दगडाला टेकून बसला.

मी म्हणालो, "बरं झालं पुसलंस. आता उद्या तीन दिसंल. मीटर बी बरोबर, तू बी बरोबर. रीडर जवळ आला असता तर त्याला दिसलं असतं. चूक त्याचीच."

"व्हय. आनि त्यो घरी बसंल."

"बसू दे की. लाईन तुजी तुटत हुती, त्याची न्हवं."

"जवळ तर तू बी गेला हुतास. तुला का दिसलं न्हाई?"

मी चष्मा काढून पुन्हा खिशात घातला. माझ्यासारख्या माणसाला न बोलणं किती अवघड जातं हे त्याला माहीत होतं, म्हणून त्यानं जास्त ताणलं नाही. एवढंच म्हणाला, "तीस वरीस म्या हत्याराला नाव ठेवू दिलं न्हाई. आता हत्यारानं मला नाव ठिवलं बघ." मग मला म्हणाला, "जा घरी." मी खूप सांगितलं. उद्या गप बस, जिंकलेला डाव आहे, गुरुजी हसतील, गाव हसंल. तो फडकं पिळत होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी दुकान उघडलं तर गिरणी बंद आणि दारातून पाणी वाहत होतं. शिद्राम घागरीवर घागर ओतून गिरणी धूत होता. भिंती, फरशी, पट्ट्याचं चाक, सगळं. दारावर ओलं पोतं टांगलं होतं. पिठाचा एक कण ठेवला नाही. मग आंघोळ करून बाहेर आला आणि कुत्र्यांनी त्याला घेरलं.

अकराला साहेब आले, मागं माने रुमाल नाकाला लावून. सगळी गल्ली जमली, गुरुजी सगळ्यात पुढं. शिद्राम डब्यावर चढला, पाच बोटं ओल्या कुंकवात बुडवली आणि सगळ्यांदेखत मीटरवर वरून खाली ओढली. ओघळ यायची वाट बघितली. नंतर मान्यांना उंबऱ्याबाहेर उभं केलं.

"आता तितनं वाचा."

मान्यांनी मान लांब केली. "आठ."

शिद्राम खाली उतरला, मान्यांचा हात धरला आणि त्यांना उंबऱ्याच्या आत घेतलं. "या. आज पीठ न्हाई. रुमाल काडा." मान्यांनी रुमाल काढला. श्वास घेतला. खोकले नाहीत. शिद्रामनं त्यांना डब्यावर चढवून मीटरपुढं उभं केलं. "आता हितनं."

मान्यांनी नखानं ओघळ खरवडला. "तीन," ते म्हणाले.

शिद्राम साहेबांकडं वळला. "लिवून घ्या सायेब. चुकीच्या तीन वाटन्या करा. एक उंबऱ्याची. एक माज्या बोटाची. आनि एक," त्यानं माझ्याकडं बोट केलं, "ह्या सायकलवाल्याच्या डोळ्याची, त्यो चष्मा खिशात घालून हिंडतोय. तिगांवर सारखी. आनि मीटर निर्दोष. त्ये पयलं लिवा."

गल्ली हसली. गुरुजी तर भिंत धरून हसले. साहेबांनी कागद काढला आणि मला म्हणाले, "तक्रार तुम्हीच लिहिली होती ना? हेही तुम्हीच लिहा."

मी खिशातून चष्मा काढून घातला. गल्लीतल्या सगळ्यांदेखत. शिद्रामनं मान्यांना उंबऱ्याबाहेर नेऊन लांब उभं केलं, पोतं बाजूला केलं, पट्टा चढवला, त्याला कानडीत काहीतरी सांगितलं आणि गिरणी सुरू केली. माझं लिहून व्हायच्या आत त्याच्या भुवया पांढऱ्या झाल्या होत्या आणि कुत्री दारात येऊन शेपट्या हलवायला लागली होती.